सोप्रानो आणि मूकपट: जेराल्डिन फॅरारच्या 'कार्मेन'मागची गोष्ट

१९१५ च्या उन्हाळ्यात न्यूयॉर्कच्या मेट्रोपोलिटन ऑपेराची सर्वांत लाडकी सोप्रानो (उंच पट्टीत गाणारी गायिका) जेराल्डिन फॅरार हॉलिवूडला निघाली. प्रवासाला खास रेल्वेचा डबा, राहायला बंगला, दिमतीला नोकरचाकर. आणि काम कशात, तर मूकपटात! जिचा आवाज ऐकायला लोक तिकिटासाठी रांगा लावत, तिला जिथे आवाजच ऐकू येत नाही तिथे नेऊन उभं करण्यात लॅस्की या चित्रपट कंपनीला काय फायदा दिसला असेल?

उत्तराचा एक धागा फॅरारच्या घडणीत आहे. तिचा जन्म १८८२ चा, मॅसॅच्युसेट्समधल्या मेलरोझचा. वडील व्यावसायिक बेसबॉल खेळाडू. १९०१ मध्ये, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी, बर्लिनच्या राजदरबारी ऑपेरात 'फाउस्ट'मधली मार्गारेट गाऊन ती उभी राहिली. पुढे लिली लेमानसारख्या कडक गुरूची तालीम मिळाली. १९०६ मध्ये ती मेट्रोपोलिटनमध्ये आली आणि पुढच्याच वर्षी प्रसिद्ध गायक कारुसोबरोबर 'मादाम बटरफ्लाय'. त्या ऑपेराचा संगीतकार पुच्चिनी स्वतः हजर होता. त्याला तिचं काम फारसं रुचलं नाही, पण प्रेक्षकांनी तिला डोक्यावर घेतलं. ही भूमिका तिने तिथे नव्वदहून अधिक वेळा केली.

आवाजाच्या ताकदीत तिच्याहून सरस गायिका तेव्हा होत्या. फॅरारकडे होता अभिनय, देखणेपण आणि रंगमंचाची जबर जाण. १९१० मध्ये हुंपरडिंक या संगीतकाराच्या 'क्योनिग्सकिंडर' या ऑपेरात तिने खरेखुरे जिवंत हंस (गीज) रंगमंचावर आणायला लावले आणि टाळ्या घ्यायला आली ती एक हंस काखेत मारून. तिच्यासाठी वेड्या झालेल्या तरुण मुलींना वर्तमानपत्रं 'जेरीफ्लॅपर' (जेरी म्हणजे जेराल्डिन, फ्लॅपर म्हणजे अवखळ तरुणी) म्हणू लागली.

१९१४ मध्ये युरोपात युद्ध पेटलं आणि तिकडचे हंगाम बंद पडले. त्यात आवाजाची कुरबुर सुरू झालेली, घशाला विश्रांती हवीच होती. सिनेमावाल्यांची गरज वेगळी. जत्रेतला खेळ ही चित्रपटाची ओळख पुसून टाकायची होती, आणि ऑपेरा म्हणजे तर प्रतिष्ठेची परिसीमा.

दिग्दर्शक सेसिल डीमिलने हुशारी केली. कॅमेऱ्याची सवय व्हावी म्हणून आधी 'मारिया रोझा' चित्रित केला, मग 'कार्मेन'. प्रदर्शित मात्र 'कार्मेन' आधी. ऑपेराच्या संहितेचे हक्क महाग पडत होते, म्हणून पटकथा थेट फ्रेंच लेखक मेरिमेच्या मूळ कथेवरून बेतली. भाव जमावा म्हणून सेटवर वादक बसवले. सिगारेटच्या कारखान्यातल्या मारामारीत फॅरार जिनी मॅकफर्सनच्या अंगावर अशी तुटून पडते की ती ऑपेरातली नायिका आहे हे विसरायला होतं. (मॅकफर्सन ही पुढे डीमिलची मुख्य पटकथालेखिका.) १ ऑक्टोबर १९१५ ला हा चित्रपट बॉस्टनच्या सिंफनी हॉलमध्ये दाखवला. साथीला वाद्यवृंद, आणि सूर 'कार्मेन' ऑपेराचा संगीतकार बिझे याचेच. चित्रपटाचा बोलबाला एवढा की चॅप्लिनने लगेच त्याचं विडंबन केलं.

त्या कार्मेनची झळ पुढल्या फेब्रुवारीत मेट्रोपोलिटनला लागली. 'कार्मेन' ऑपेराच्या भर प्रयोगात फॅरारने कारुसोच्या थोबाडीत मारली, कोरसमधल्या एका मुलीशी झटापट केली, आणि वर्तमानपत्रांनी ते रंगवून छापलं. पडद्याच्या सवयी रंगमंचावर आल्याची तक्रार झाली. माझ्या मते तो स्वभाव मूळचाच होता, कॅमेऱ्याने त्याला फक्त मोकळीक दिली.

१९१६ च्या 'जोन द वुमन'मध्ये चौतिसाव्या वर्षी ती जड चिलखत घालून जोन ऑफ आर्क, म्हणजे जिवंत जाळली गेलेली फ्रान्सची वीरांगना, झाली. चितेच्या ज्वाळांना फिल्मवर रंग दिला होता. चित्रपट भव्य होता, पण खर्चाच्या मानाने चालला नाही. नंतर निर्माता गोल्डविनकडे केलेले चित्रपट फारसे कुणाला आठवत नाहीत, आणि तो करार तिने मुदतीआधीच सोडला. १९२० नंतर पडद्याशी तिचा संबंध संपला.

चाळिशीत ऑपेरात गाणं थांबवायचं हे तिने आधीच जाहीर केलं होतं. २२ एप्रिल १९२२ ला 'झाझा' हा ऑपेरा गाऊन तिने शब्द पाळला. चाहत्या मुलींनी तिला मुकुट आणि राजदंड दिला आणि रस्त्यावरून मिरवणूक काढली. पडदा बोलू लागला तो त्यानंतर पाच वर्षांनी. मेट्रोपोलिटनच्याच ग्रेस मूरला 'वन नाइट ऑफ लव्ह'साठी ऑस्करचं नामांकन मिळालं ते १९३४ च्या बोलपटामुळे. त्याच सुमारास फॅरार मेट्रोपोलिटनच्या रेडिओ प्रक्षेपणात मध्यंतराला श्रोत्यांना ऑपेरा समजावून सांगत होती.