थिओ लिंगेन

थिओ लिंगेन (१० जून १९०३ – १० नोव्हेंबर १९७८) : जर्मन विनोदी चरित्र अभिनेते, दिग्दर्शक व लेखक. जन्म हॅनोव्हरचा. खरे नाव फ्रान्त्स थिओडोर श्मिट्स. रंगभूमीसाठी त्यांनी वडिलांच्या जन्मगावाचे, लिंगेनचे, नाव घेतले.

गेंगाणा आवाज, ताठ मान, चापूनचोपून बसवलेले केस आणि प्रत्येक शब्द चिमट्यात धरून ठेवल्यासारखे उच्चार हे त्यांचे भांडवल. नोकर, बटलर, कारकून अशा भूमिका त्यांच्याकडे आपोआप चालत आल्या. मालकापेक्षा नोकरच शिष्टाचाराला जास्त चिकटलेला, हीच यातली गंमत. ऑस्ट्रियन विनोदी नट हान्स मोझर यांच्याबरोबरची त्यांची जोडी विशेष गाजली : मोझर ओठातल्या ओठात पुटपुटणार, लिंगेन तेच वाक्य काटेकोर भाषेत परतवणार. ‘ओपेर्नबाल’ (१९३९) आणि ‘वीनर ब्लूट’ (१९४२) हे त्या जोडीचे चित्रपट.

पण सुरुवात वेगळीच होती. १९२९ साली बाडेन-बाडेन येथे नाटककार ब्रेख्त आणि संगीतकार हिंडेमिट यांच्या एका प्रयोगात लिंगेन उंच काठ्यांवर चढून महाकाय विदूषक झाले होते. दुसरे दोन विदूषक ‘मदत’ म्हणून त्यांचे लाकडी हातपाय करवतीने एकेक करून कापतात. प्रेक्षागृहात गोंधळ माजला. बर्लिनमध्ये त्यांनी ब्रेख्तच्या ‘थ्री पेनी ऑपेरा’तला गुंड नायक मॅकहीथही रंगवला. पुलंच्या ‘तीन पैशाचा तमाशा’मुळे हे नाटक मराठी रसिकांच्या ओळखीचे आहे. दिग्दर्शक फ्रित्स लांग यांच्या ‘एम’ (१९३१) या चित्रपटात ते भामटा म्हणून दिसतात.

१९२८ मध्ये त्यांनी ब्रेख्तची घटस्फोटित पत्नी, गायिका मारियाने झॉफ, हिच्याशी लग्न केले. ब्रेख्तची मुलगी हाने याच घरात वाढली आणि पुढे अभिनेत्री झाली. त्यांची स्वतःची मुलगी उर्सुलाही अभिनेत्रीच. मारियानेच्या घराण्यात ज्यू वंश होता. नाझी राजवटीत एवढ्यावरून नवऱ्याला रंगमंच बंद व्हायचा. लिंगेन इतके लोकप्रिय होते की त्यांना खास परवाना मिळाला. नट-दिग्दर्शक ग्रुंडगेन्स यांच्या बर्लिनमधील सरकारी नाट्यगृहात ते काम करत राहिले, चित्रपटही दिग्दर्शित केले. देशाला हसवणारा नट घरी बायकोच्या जिवासाठी धास्तावलेला. त्या काळातले त्यांचे चित्रपट बघताना हे विसरता येत नाही.

युद्धानंतर ते ऑस्ट्रियाचे नागरिक झाले आणि १९४८ पासून व्हिएन्नाच्या बुर्गथिएटर या नामांकित नाट्यगृहात दिसू लागले. गंभीर नट म्हणून त्यांची किंमत तिथल्या प्रेक्षकांनी ओळखली. पडद्याने मात्र त्यांना शेवटपर्यंत हास्यातच अडकवून ठेवले. १९६८ ते १९७२ या काळातल्या शाळकरी व्रात्यपणाच्या चित्रपटमालेत ते मुख्याध्यापक डॉ. टाफ्ट झाले. पोरे उच्छाद मांडत आहेत आणि हे महाशय अजूनही वाक्याचे व्याकरण सांभाळत आहेत! त्या काळच्या नव्या पिढीला ते याच रूपात माहीत झाले. दूरचित्रवाणीवर लॉरेल-हार्डीच्या जुन्या फिती सादर करण्याचे कामही त्यांनी केले. व्हिएन्नात त्यांचे निधन झाले. तिथल्या मध्यवर्ती दफनभूमीत त्यांना शहरातर्फे मानाची जागा मिळाली आहे.