बरणीतल्या थरांमागची पावणेदोनशे वर्षं

साधारण एक लिटरची काचेची बरणी. तळाशी मैदा, त्यावर पांढरी साखर, मग ब्राऊन शुगर, सगळ्यांत वर चॉकलेट चिप्स आणि अक्रोड. झाकणावर कापडाचा गोल तुकडा, गळ्यात कृतीचं कार्ड. ज्याला भेट मिळाली त्याने लोणी आणि अंडं घालायचं, की तासाभरात कुकीज तयार. अमेरिकेत १९९०च्या दशकात नाताळची घरगुती भेट म्हणून आणि चर्च-शाळांच्या मदतनिधीच्या विक्रीत ही बरणी चांगलीच रुळली. आपल्याकडेही आता घरून बेकिंग करणारी मंडळी दिवाळीला, नाताळला ती बनवू लागली आहेत. बरणी भरताना खरा प्रश्न सजावटीचा नसतो. कोणता जिन्नस कोरडा करून आत ठेवायचा आणि कोणता शेवटपर्यंत बाहेर ठेवायचा, हे ठरवावं लागतं. बेकिंग मिक्सचा सगळा इतिहास याच एका प्रश्नाभोवती फिरतो.

सुरुवात बेकिंग पावडरपासून करावी लागते. पीठ फुगवायला यीस्ट किंवा फेटलेली अंडी एवढाच आधार होता, तोवर महिनोन्महिने टिकणारं तयार मिश्रण शक्यच नव्हतं. १८४३ मध्ये इंग्लंडमधल्या बर्मिंगहॅमचे औषधविक्रेते आल्फ्रेड बर्ड यांनी खाण्याचा सोडा आणि कोरडं आम्ल यांची पावडर केली, कारण त्यांच्या पत्नीला यीस्ट सोसत नसे. दोनच वर्षांत ब्रिस्टलच्या हेन्री जोन्स यांनी असा सोडा-आम्लाचा मेळ पिठातच मिसळून ‘सेल्फ-रेझिंग’ पिठाचं पेटंट घेतलं. अमेरिकेत हार्वर्डचे रसायनशास्त्राचे प्राध्यापक एबेन हॉर्सफर्ड यांनी १८५६ मध्ये मोनोकॅल्शियम फॉस्फेट या कोरड्या आम्लाचं पेटंट मिळवलं. तोवर आम्ल म्हणून लागणारं क्रीम ऑफ टार्टर युरोपातल्या वाइन उद्योगातून आयात व्हायचं, म्हणून महाग पडायचं. पुढे सोडा आणि फॉस्फेट एकाच डब्यात नांदू लागले ते त्यांच्यात मिसळलेल्या कॉर्नस्टार्चमुळे. स्टार्च हवेतली ओल आधी स्वतः शोषून घेतो आणि सोडा-आम्लाची गाठ लांबवतो. आजच्या बेकिंग पावडरच्या डब्यावरही घटकांत स्टार्च लिहिलेला असतो, तो याच कामासाठी.

बरणीचा जन्मही त्याच सुमाराचा. न्यूयॉर्कचे पत्राकाम कारागीर जॉन लँडिस मेसन यांनी ३० नोव्हेंबर १८५८ रोजी आटे असलेल्या काचेच्या बरणीचं पेटंट घेतलं. झाकण जस्ताचं होतं. पेटंटची मुदत १८७९ मध्ये संपली आणि अनेक कारखाने तशाच बरण्या काढू लागले. त्यांतले बॉल बंधू पुढे इंडियाना राज्यातल्या मन्सी गावी स्थिरावले. दोन भागांचं झाकण, म्हणजे वर सपाट चकती आणि बाजूने वेगळं आट्यांचं कडं, विसाव्या शतकाच्या सुरुवातीला आलं. बरणीवरच्या कापडी टोपीची सोय त्यातूनच झाली. चकती बरणीवर बसवायची, तिच्यावर कापड पसरायचं आणि वरून कडं फिरवायचं. आपल्याकडच्या एकसंध झाकणांच्या बरण्यांना हा प्रकार लागू नाही. झाकण आणि काच यांच्या मध्ये कापड गेलं तर हवाबंदपणाच संपतो. अशा बरणीचं झाकण आधी घट्ट लावावं आणि कापड त्यावरून सुतळीने बांधावं.

कारखान्यांनी मिक्स विकायला घेतली तेव्हा चरबी आणि अंडं हे दोन जिन्नस त्यांना सर्वांत जड गेले. पिट्सबर्गची ‘पी. डफ अँड सन्स’ ही कंपनी काकवीच्या धंद्यात होती. जॉन डफ यांनी काकवी पिठात मिसळून वाळवली, त्यात अंड्याची भुकटी घातली आणि नुसतं पाणी ओतून होणाऱ्या जिंजरब्रेडच्या मिश्रणाचं पेटंट १९३३ मध्ये मिळवलं. त्यांच्याच १९३५ च्या दुसऱ्या पेटंटात अंड्याची भुकटी गेली आणि गृहिणीने ताजं अंडं घालावं असं आलं. हा तपशील महत्त्वाचा आहे. १९५०च्या दशकात मानसशास्त्रज्ञ अर्न्स्ट डिख्टर यांनी आयता केक करताना गृहिणींच्या मनात येणारी अपराधी भावना ओळखली आणि म्हणून केक मिक्समधून अंडं काढलं गेलं, ही गोष्ट फार पसरली आहे. तिच्या वीस वर्षं आधीच अंडं बाहेर पडलं होतं. शिवाय ताज्या अंड्याचा केक चवीला आणि पोताला भुकटीच्या केकपेक्षा सरस होतो, हे साधं कारण होतंच.

चरबीचं उत्तर वेगळं निघालं. १९३०-३१ मध्ये आलेल्या जिफी आणि बिस्क्विक या मिश्रणांत चरबी पिठातच घातलेली होती. ती खवट होऊ नये म्हणून कारखान्यांना खास प्रक्रिया केलेलं तेल-तूप वापरावं लागतं. घरी तेवढी सोय नसते. तरीही अमेरिकी विद्यापीठांच्या गृहशास्त्र विस्तार विभागांनी विसाव्या शतकाच्या मध्यात गृहिणींना मैदा, दूध पावडर, बेकिंग पावडर आणि शॉर्टनिंग (बेकिंगसाठीची घट्ट चरबी) यांचं ‘मास्टर मिक्स’ घरी करायला शिकवलं. भेटीच्या बरणीने त्यातून चरबी काढून टाकली आणि उरलेलं मिसळण्याऐवजी थरांत रचलं.

पुण्यात १९६३ मध्ये सुरू झालेल्या गिट्सने गुलाबजाम, ढोकळा यांची तयार मिश्रणं घराघरांत नेली. त्याच्या कितीतरी आधीपासून आपली थालीपिठाची भाजणी हेच काम करत आली आहे. धान्यं-डाळी भाजल्याने त्यांतली ओल उडते, म्हणून भाजणी डब्यात टिकते आणि परदेशी निघालेल्या मुलांच्या बॅगेतही जाते. बरणीतला मैदा मात्र कच्चाच असतो, आणि पुढच्या बऱ्याचशा अडचणी त्यातून येतात.

सर्वाधिक केली जाते ती चॉकलेट चिप कुकीची बरणी. ९५० मि.लि.च्या बरणीला मैदा २१५ ग्रॅम, खाण्याचा सोडा पाऊण टीस्पून, मीठ अर्धा टीस्पून, पांढरी साखर १०० ग्रॅम, ब्राऊन शुगर १६० ग्रॅम, चॉकलेट चिप्स १५० ग्रॅम आणि अक्रोडाचे तुकडे ४० ग्रॅम पुरतात. कार्डावर लिहायचं: मऊ लोणी १७० ग्रॅम, एक अंडं आणि पाऊण टीस्पून व्हॅनिला फेटून घ्या, बरणीतलं सगळं त्यात मिसळा, १९० अंश सेल्सिअसला ९ ते ११ मिनिटं भाजा. आपल्याकडे बाजारात सहज मिळतं ते लोणी खारट असतं. तेच वापरलं जाणार असेल तर बरणीत मीठ चिमूटभरच घाला. अंडं न खाणाऱ्यांसाठी ५० ग्रॅम घट्ट दही चालतं. कुकी कुरकुरीत न होता थोडी केकसारखी होते, हेही कार्डावर लिहून टाकावं.

यात एक पायरी गाळली जाते, ती म्हणजे लोणी आणि साखर एकत्र फेटण्याची. साखर बरणीत इतर जिन्नसांबरोबर अडकलेली असल्याने ते शक्यच नसतं. आपली किराणा दुकानातली साखर जाड दाण्याची, त्यामुळे ती विरघळत नाही आणि कुकी दाताखाली कचकचते. मिक्सरवर दोन-तीन झटके देऊन साखर बारीक करा. पिठीसाखर होऊ देऊ नका.

थरांचा क्रम मनाला येईल तसा लावू नये. भुकटी वर ठेवली तर ती चिप्सच्या फटींतून खाली झिरपते आणि प्रवासात सगळे थर एकमेकांत मिसळतात. म्हणून सोडा आणि मीठ मैद्यात चाळून घ्यावं आणि तो मैदा तळाशी भरावा. प्रत्येक थर सपाट बुडाच्या पेल्याने दाबत जावं, विशेषतः मैदा, नाहीतर सगळं मावतच नाही. ब्राऊन शुगरमध्ये काकवीची ओल आणि थोडं आम्लही असतं. ती सोडा मिसळलेल्या मैद्याला चिकटून राहिली की मैद्याचे खडे होतात आणि सोड्याचा जोर बरणीतच निघून जातो. पांढऱ्या साखरेचा थर मधे घालायचा तो या दोघांना लांब ठेवण्यासाठी. ब्राऊन शुगरऐवजी गुळाची पावडर घालायचा मोह टाळा. ती हवेतली ओल फार लवकर खेचते, आणि मुंबई-कोकणातल्या पावसाळ्यात आठवडाभरात तिचा गोळा होतो. कोको घालायचा असेल तर रुंद तोंडाचं कागदी नरसाळं वापरा आणि नंतर काचेची आतली बाजू कोरड्या कागदाने पुसून घ्या. कोकोची धूळ काचेवर बसली की वरचे थर मळकट दिसतात.

बरणी धुतल्यावर निदान एक दिवस उघडी वाळू द्यावी. आट्यांत राहिलेला पाण्याचा एक थेंबही सोड्याला जागं करतो. मैद्याऐवजी कणीक वापरली तर गव्हाच्या अंकुरातलं तेल लवकर खवट होतं, आणि अक्रोडाचंही तसंच.

मैदा कच्चा असल्यामुळे कुकीचं पीठ न भाजता चाखायचं नाही, हेही कार्डावर हवं. २०१६ मध्ये अमेरिकेत मैद्यातून ई. कोलाय या जंतूंचा संसर्ग झाला आणि लाखो किलो मैदा बाजारातून परत मागवावा लागला. घरच्या ओव्हनमध्ये मैदा तापवून हा धोका गेला असं धरून चालता येत नाही. बरणीतच केक भाजून झाकण लावून भेट देण्याची टूमही या भेटीच्या जोडीने आली. तिच्यापासून लांब राहावं. केक ओला असतो, त्यात आम्ल कमी असतं, आणि बंद बरणीत हवा नसते. बोट्युलिझम या जीवघेण्या अन्नविषबाधेचे जंतू नेमके अशाच जागी वाढतात. शिवाय या बरण्यांची काच ओव्हनच्या कोरड्या उष्णतेसाठी बनवलेली नसते.

कार्डावर कृतीइतकीच तारीखही महत्त्वाची. अक्रोड असलेली बरणी महिन्याभरात वापरायची, नुसत्या चिप्सची तीन महिन्यांत. गहू, दूध, अक्रोड यांची नावं वेगळ्या ओळीत ठळक लिहायची, कारण भेट म्हणून दिलेली बरणी पुढे कोणाच्या घरी जाईल ते सांगता येत नाही.