‘गेन्साकु’ की ‘गेन्आन’? मिवा निशिकावा यांच्या कारकिर्दीची पार्श्वभूमी

मिवा निशिकावा यांची ओळख ‘कादंबऱ्याही लिहिणाऱ्या दिग्दर्शिका’ अशी करून दिली जाते. त्यातला ‘ही’ मला खटकतो. १९७४ साली हिरोशिमात जन्म, तोक्योत शिक्षण, एका नावाजलेल्या दिग्दर्शकाच्या हाताखाली उमेदवारी आणि २००३ मध्ये स्वतःच्या पटकथेवरचा पहिला चित्रपट, इथवर गुंता काहीच नाही. तो सुरू होतो २००६ पासून.

त्या वर्षी ‘युरेरु’ हा चित्रपट आला आणि त्याच नावाचं पुस्तकही. दोन भाऊ, एक झुलता पूल, त्यावरून खाली पडलेली एक तरुणी. थोरल्याने तिला ढकललं का? पुस्तकात प्रत्येक पात्र आपापली बाजू आपल्या तोंडाने सांगतं. मेलेली तरुणीसुद्धा बोलते. चित्रपटावरून बेतलेल्या पुस्तकाला जपानीत ‘नोबेराइझु’ म्हणतात, आणि पडद्यावरच्या यशाबरोबर खपवायचा माल असा त्या शब्दाला वास आहे. ‘युरेरु’ मात्र एका मानाच्या साहित्य पुरस्काराच्या अंतिम यादीत पोचलं. २००९ मध्ये ‘डिअर डॉक्टर’ आला. डोंगरातल्या खेड्यात परवान्याविना डॉक्टरकी करणाऱ्या माणसाची ती गोष्ट. तिच्या आगेमागे घोटाळणाऱ्या कथांचा संग्रह आणखी मोठ्या पुरस्काराच्या यादीत गेला. अशा लेखनाला चित्रपटाचं उपउत्पादन म्हणणं अन्यायाचं आहे. २०१२ च्या छोट्या कादंबरीचा तर कुठल्याच चित्रपटाशी संबंध नव्हता: युद्ध संपल्याच्या दिवशी पहाटे ५.२५ च्या गाडीने तोक्यो सोडून हिरोशिमाकडे निघालेला कोवळा सैनिक, आणि त्यामागे घरातल्याच एका वडीलधाऱ्यांच्या आठवणी.

‘नागाई इइवाके’च्या वेळी क्रम उलटला. २०१५ मध्ये कादंबरी, २०१६ मध्ये चित्रपट. बस अपघातात बायको गेली, त्या वेळी हा लेखक नवरा दुसऱ्या बाईबरोबर होता, आणि त्याला रडू येत नाही. त्याचं नाव उच्चाराने हिरोशिमाच्या एका लाडक्या बेसबॉलपटूचंच आहे, आणि त्या नावाचं ओझं तो जन्मभर वागवतो.

इथे श्रेयनामावलीतले दोन शब्द नीट वेगळे करायला हवेत. ‘गेन्साकु’ म्हणजे मूळ साहित्यकृती. ‘गेन्आन’ म्हणजे मूळ कल्पना, ज्यावरून पुढचं सगळं नव्याने रचलं. ‘नागाई इइवाके’ला गेन्साकु त्यांचीच. पण ‘सुबाराशिकी सेकाई’साठी (जपानमध्ये प्रदर्शन २०२१) त्यांनी प्रथमच दुसऱ्याचं पुस्तक घेतलं. ते १९९० चं, सत्य घटनांवर आधारलेलं, तुरुंगातून सुटलेल्या माणसाविषयीचं; आणि श्रेय दिलं गेन्आनचं. वरवर पाहता हे मूळ लेखकाचं श्रेय एका पायरीने उतरवणं वाटतं. मला ते प्रामाणिकपणाचं वाटतं. पुस्तकातला माणूस १९८० च्या दशकात बाहेर येतो, चित्रपटातला आजच्या जपानमध्ये. नायकाचं नावही बदललं. मूळ नाव पुढे करून एवढे फेरफार दडवण्यापेक्षा ‘कल्पना तुमची, बाकीची जबाबदारी माझी’ असं म्हणणं बरं. आपल्याकडे ‘माध्यमांतर’ या एकाच शब्दात हे दोन्ही प्रकार बसवले जातात, म्हणून हा फरक मराठी वाचकाच्या नजरेतून सहज निसटतो.

ते पुस्तक तोवर बाजारात मिळेनासं झालं होतं. चित्रपटाच्या निमित्ताने २०२० मध्ये त्याची नवी आवृत्ती निघाली, शेवटी निशिकावा यांच्या टिपणासह.