प्रांतिक क्रिकेटपटू (दक्षिण आफ्रिका)

दक्षिण आफ्रिकेच्या देशांतर्गत स्पर्धांत एखाद्या प्रांताच्या संघाकडून प्रथम श्रेणी, एकदिवसीय आणि ट्वेंटी-20 सामने खेळणारा खेळाडू. यातले बहुतेक जण राष्ट्रीय संघापर्यंत कधीच पोचत नाहीत. त्यांची कारकीर्द कुठवर जाणार हे धावा-बळींइतकेच वरच्या स्तरावर त्या वर्षी किती जागा आहेत यावर ठरते, आणि ही संख्या मंडळाने गेल्या काही दशकांत वारंवार बदलली आहे. म्हणून अशा खेळाडूचे आकडे वाचताना आधी वर्ष पाहावे, मग सरासरी.

संघांची नावेही फसवी आहेत. 1994 नंतर प्रांतांची फेररचना झाली आणि त्या दशकाच्या उत्तरार्धात ट्रान्सवालचे गौतेंग, नॉर्दर्न ट्रान्सवालचे नॉर्दर्न्स, नाताळचे क्वाझुलू-नाताळ आणि ऑरेंज फ्री स्टेटचे फ्री स्टेट झाले. त्या काळातल्या खेळाडूच्या नावापुढे ट्रान्सवाल आणि गौतेंग असे दोन संघ दिसले तर त्याने संघ बदलला असे समजू नये. तो जोहान्सबर्गच्या वाँडरर्स मैदानावर त्याच ड्रेसिंगरूममध्ये बसत होता.

करी चषकाचा काळ

1888-89 मध्ये इंग्लंडचा पहिला संघ दक्षिण आफ्रिकेत आला. कॅसल जहाज कंपनीचे मालक सर डोनाल्ड करी यांनी, या पाहुण्यांविरुद्ध सर्वांत चांगली लढत देणाऱ्या संघासाठी चषक दिला. तो किंबर्लीला मिळाला. पुढच्या हंगामापासून त्यासाठी प्रांतांत सामने सुरू झाले आणि पहिला मान ट्रान्सवालने मिळवला. शंभर वर्षे या स्पर्धेला करी चषक हेच नाव होते. पुढे प्रायोजकांप्रमाणे कॅसल कप, 1996-97 पासून सुपरस्पोर्ट सिरीज, 2012-13 पासून सनफॉइल सिरीज अशी नावे बदलत गेली. 1951-52 मध्ये अ आणि ब असे दोन गट पडले. ट्रान्सवाल, नाताळ, वेस्टर्न प्रॉव्हिन्स यांसारख्या मोठ्या प्रांतांचे दुय्यम संघही ब गटात खेळत, आणि त्या सामन्यांनाही प्रथम श्रेणीचा दर्जा होता. आजच्या झिंबाब्वेचा संघ मुख्यतः ऱ्होडेशिया या नावाने 1979-80 पर्यंत याच स्पर्धेत होता.

1970 नंतर वर्णभेदामुळे दक्षिण आफ्रिका आंतरराष्ट्रीय क्रिकेटमधून बाहेर पडली आणि गोऱ्या खेळाडूंसाठी प्रांतिक सामना हाच सर्वोच्च सामना उरला. नाताळचा उंचापुरा मध्यमगती गोलंदाज व्हिन्स व्हॅन डर बाइल हे याचे ठळक उदाहरण. पेशाने शिक्षक, प्रथम श्रेणीत 767 बळी, तेही 16.54 च्या सरासरीने. करी चषकातले 572 बळी हा विक्रम. 1971-72 च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यासाठी त्याची निवड झाली होती, पण दौराच रद्द झाला आणि कसोटी राहूनच गेली. 1980 मध्ये मिडलसेक्सने त्याला एका हंगामासाठी बोलावले तेव्हा इंग्लंडला त्याच्या गोलंदाजीची खरी ओळख झाली. क्लाइव्ह राइसच्या नेतृत्वाखालचा 1980 च्या दशकातला ट्रान्सवाल संघ त्या काळातल्या काही कसोटी संघांना भारी पडला असता असे जुने प्रेक्षक सांगतात. जिमी कुक, ग्रॅम पोलॉक, अल्विन कालिचरण, सिल्व्हेस्टर क्लार्क ही नावे एका यादीत पाहिली की तो दावा अगदीच हवेतला वाटत नाही.

दुसऱ्या मंडळातले खेळाडू

वर्णभेदाच्या काळात कृष्णवर्णीय, मिश्रवंशीय आणि भारतीय वंशाच्या खेळाडूंना करी चषकाचे दार बंद होते. त्यांच्या मंडळाचे वेगळे प्रांतिक सामने होत. 1970 च्या दशकापासून 1991 पर्यंत त्यांतले तीन दिवसांचे सामने ‘हावा बोल’ (हावा यांच्या नावाचा चषक) या नावाने ओळखले गेले. हसन हावा हे या मंडळाचे अध्यक्ष, आणि ‘असामान्य समाजात सामान्य खेळ असू शकत नाही’ ही त्याची घोषणा. मैदाने नगरपालिकेची, देखभाल नावापुरती, खेळपट्टीवर चेंडू कधी घोट्याला तर कधी कानाजवळ. वेगवान गोलंदाज व्हिन्सेंट बार्न्सची प्रथम श्रेणी सरासरी 12 च्याही आत आहे, ती याच सामन्यांच्या जोरावर. फलंदाजांचे आकडे तितकेच खुजे. हावा बोलमध्ये तिशीच्या सरासरीने धावा काढणारा फलंदाज करी चषकातल्या पन्नाशीवाल्यापेक्षा कमी होता असे मानण्याचे कारण नाही. या सामन्यांना प्रथम श्रेणीचा दर्जा फार उशिरा, मागाहून देण्यात आला. तोवर यांतले बहुतेक जण निवृत्त झाले होते.

हे मंडळ सोडून पलीकडे, गोऱ्यांच्या मंडळाकडे जाणाऱ्याला आपल्याच वस्तीत बहिष्कार सोसावा लागे. फिरकी गोलंदाज ओमर हेन्री वेस्टर्न प्रॉव्हिन्सकडे गेला आणि त्याने ती किंमत मोजली. दोन्ही मंडळे जून 1991 मध्ये एकत्र आली. नोव्हेंबर 1992 मध्ये दर्बानच्या किंग्जमीडवर भारताविरुद्ध हेन्रीने कसोटी पदार्पण केले, तेव्हा त्याची चाळिशी उलटली होती. याच कसोटीत मुंबईच्या प्रवीण आमरेने पदार्पणात 103 धावा केल्या. आमरे पुढे बोलंड या छोट्या प्रांताकडूनही खेळला. बाहेरचे खेळाडू या प्रांतांना नवे नव्हते: माल्कम मार्शल नाताळकडून खेळला आणि तरुण शॉन पोलॉक त्याच्याच हाताखाली तयार झाला.

शाळेपासून करारापर्यंत

वाट बहुतेक वेळा शाळेतून जाते. प्रिटोरियाची ‘ॲफीज’ (एबी डिव्हिलियर्स, फाफ डू प्लेसी), ब्लूमफाँटेनचे ग्रे कॉलेज (केपलर वेसल्स, हॅन्सी क्रोनिए), जोहान्सबर्गची सेंट स्टिथियन्स (कागिसो रबाडा) अशा मोजक्या शाळांकडे हिरवळीच्या खेळपट्ट्या, पूर्णवेळ प्रशिक्षक आणि शिष्यवृत्त्या आहेत. वस्तीतल्या हुशार मुलाला बारा-तेराव्या वर्षी यांपैकी एखाद्या शाळेने उचलले नाही, तर पुढची पायरी चढणे फार अवघड होते. डिसेंबरमध्ये शालेय वयोगटाच्या प्रांतिक संघांचा सप्ताह भरतो. 1940 पासून तो नफील्ड वीक म्हणून ओळखला जाई. आता त्याला 2000 मध्ये वारलेले क्रिकेट प्रशासक खाया मजोला यांचे नाव आहे. सप्ताहाच्या शेवटी देशाचा शालेय संघ निवडतात. प्रांतांचे प्रशिक्षक यावेळी सीमारेषेवर वह्या घेऊन असतात, आणि एका आठवड्यातल्या दोन चांगल्या खेळींवर अकादमीची जागा मिळू शकते.

त्यानंतर क्लबची प्रीमियर लीग, प्रांताचा दुय्यम संघ, मग करार. हंगाम ऑक्टोबर ते मार्च-एप्रिल. उरलेल्या महिन्यांत इंग्लंडमधल्या एखाद्या लीगमध्ये क्लब प्रोफेशनल म्हणून खेळायचे: शनिवारी सामना, आठवडाभर मुलांना शिकवणे, राहायला क्लबने दिलेली खोली. दुय्यम स्तरावरच्या कित्येकांना वर्षाचा मेळ याच पैशांवर घालावा लागतो.

एकच दर्जा, दोन मजले

2004-05 मध्ये अकरा प्रांतांच्या डोक्यावर सहा फ्रँचायझी बसवण्यात आल्या: टायटन्स, लायन्स, केप कोब्राज, डॉल्फिन्स, वॉरियर्स आणि ईगल्स (2010 पासून नाइट्स). वर चार दिवसांचे व्यावसायिक सामने. खाली प्रांतांचे तीन दिवसांचे, जवळजवळ हौशी सामने, गुरुवार ते शनिवार. रविवारी त्याच प्रतिस्पर्ध्याशी एकदिवसीय सामना. फ्रँचायझीत अकरात जागा न मिळालेला खेळाडू त्या आठवड्यात प्रांताकडून खेळे. हेतू चांगला होता: थोडे संघ, म्हणजे चुरस जास्त आणि कसोटीसाठी तयार माल.

गोम अशी की दोन्ही मजल्यांना प्रथम श्रेणीचाच दर्जा होता. कारकिर्दीच्या एकूण सरासरीत दोन्हीकडच्या धावा एकत्र मिसळतात. 45 ची सरासरी असलेल्या फलंदाजाचे सामने फोडून पाहिले, तर खाली 55 आणि वर 30 असे निघू शकते. निवड समित्यांना हे ठाऊक असते, परदेशी वाचकाला नसते. सामनावार नोंदीत संघाचे नाव ‘नॉर्दर्न्स’ की ‘टायटन्स’ एवढे पाहिले तरी उलगडा होतो.

वरच्या स्पर्धेतील गुणपद्धतीचा खेळावर थेट परिणाम होई. सुपरस्पोर्ट आणि सनफॉइल काळात विजयाला 10 गुण होते. पहिल्या डावाच्या पहिल्या 100 षटकांत 150 धावांना 1 गुण आणि पुढच्या प्रत्येक धावेला 0.02, म्हणजे दर 50 धावांना एक. 300 केल्या तर 4, 400 केल्या तर 6. गोलंदाजीत तिसऱ्या बळीला 1 आणि त्यानंतर दर दोन बळींना 1, तेही 100 षटकांच्या आतच. 85 व्या षटकाला सहाव्या क्रमांकावर आलेला फलंदाज अर्धशतक जमवण्याच्या भानगडीत न पडता उचलून मारायचा आणि तिशीत बाद व्हायचा. संघाला अर्धा गुण, त्याच्या सरासरीला खड्डा. सलामीवीराचे तसे नसते. लायन्सच्या स्टीफन कुकने (जिमीचा मुलगा) 2009 मध्ये ईस्ट लंडनला वॉरियर्सविरुद्ध 390 केल्या. दक्षिण आफ्रिकेत प्रथम श्रेणीच्या एका डावात इतक्या धावा तोवर कोणी केल्या नव्हत्या. तरी कसोटीची टोपी मिळायला जानेवारी 2016 उजाडला. वय 33, पदार्पणातच 115, आणि अवघ्या 11 कसोटींत सगळे आटोपले.

घरचे मैदानही आकड्यांत डोकावते. वाँडरर्स आणि सेंच्युरियन उंच पठारावर, चेंडू यष्टिरक्षकाच्या खांद्यापर्यंत जातो, आणि दुपारी विजा चमकल्या की पंच सगळ्यांना आत पाठवतात. ईस्ट लंडन आणि पार्लला चेंडू संथ व खाली राहतो. तिथे वाढलेला फिरकीपटू महिनाभर घरी बळी घेतो आणि जोहान्सबर्गला गेल्यावर कोरडा परततो.

2021 ची फेररचना

2021-22 मध्ये फ्रँचायझी मोडून पंधरा संघांचे दोन विभाग झाले, वर आठ आणि खाली सात. वरच्या संघाला 16 करार, खालच्याला 11: एकूण 205. अकरा करार म्हणजे नेमका एक संघ. एकाची मांडी आखडली की प्रशिक्षकाला क्लबमधून माणूस आणावा लागे. बढती-घसरण आली, 2023 मध्ये नाइट्स खाली गेले आणि पीटरमॅरिट्झबर्गचा क्वाझुलू-नाताळ इनलँड वर चढला. घसरलेल्या संघातल्या खेळाडूचे नुकसान दुहेरी असे: करार कमी होत, आणि निवड समितीची नजरही हटे. अंतिम अकरात किती कृष्णवर्णीय आणि मिश्रवंशीय खेळाडू असावेत याचे लक्ष्यही ठरलेले असते. त्यावरून वाद सतत होतात, पण वर सांगितलेल्या इतिहासानंतर असे काही लक्ष्य नसावे हे म्हणणे टिकत नाही.

बाहेरचे रस्ते

स्लोव्हाकियाच्या मारोश कोल्पाक या हँडबॉलपटूच्या खटल्यात 2003 मध्ये युरोपीय न्यायालयाने दिलेल्या निकालामुळे दक्षिण आफ्रिकेचे खेळाडू इंग्लिश काउंटीत ‘परदेशी’ न ठरता खेळू लागले. अट अशी की करार असेपर्यंत देशाकडून खेळायचे नाही. क्लॉड हेंडरसन 2004 मध्ये लेस्टरशायरला गेला तो पहिला. 2017 च्या सुरुवातीला कायल ॲबट आणि रायली रुसो एकाच वेळी हॅम्पशायरला गेले. ब्रेक्झिटमुळे ही वाट 2020 अखेर बंद झाली. तिचा सर्वांत चांगला उपयोग ऑफस्पिनर सायमन हार्मरने केला. नोव्हेंबर 2015 मध्ये नागपूरच्या जामठा मैदानावरील कसोटीनंतर तो संघाबाहेर पडला, 2017 पासून एसेक्ससाठी ढिगाने बळी घेतले, 2022 मध्ये देशाकडे परतला, आणि 2025 च्या भारत दौऱ्यात कोलकाता व गुवाहाटी मिळून 17 बळी घेऊन मालिकावीर ठरला.

काहींनी देशच बदलला. डेव्हन कॉन्वे गौतेंग आणि क्वाझुलू-नाताळमध्ये खालच्या मजल्यावर धावा करत राहिला, 2017 मध्ये न्यूझीलंडला गेला आणि जून 2021 मध्ये लॉर्ड्सवर कसोटी पदार्पणात 200 केल्या. 2023 च्या विश्वचषकात धरमशाला येथे नेदरलँड्सने दक्षिण आफ्रिकेला 38 धावांनी हरवले, त्या संघात रोलोफ व्हॅन डर मर्व्ह, कॉलिन ॲकरमन आणि सायब्रँड एंगेलब्रेख्त हे तिघे दक्षिण आफ्रिकेच्या देशांतर्गत स्पर्धांत खेळून गेलेले होते.

जानेवारी 2023 मध्ये सुरू झालेल्या एसए-20 या ट्वेंटी-20 लीगने पैशाचे गणित पालटले. सहाही संघ आयपीएलच्या मालकांकडे आहेत. ट्वेंटी-20 चे अंग असलेला खेळाडू चार आठवड्यांत चार दिवसांच्या तज्ज्ञापेक्षा कितीतरी जास्त कमावतो. पण फेब्रुवारी 2024 मध्ये याच लीगमुळे उलटी संधीही आली. प्रमुख खेळाडू लीगला बांधलेले असल्याने न्यूझीलंड दौऱ्यावर प्रांतिक खेळाडूंचा संघ गेला. कर्णधार नील ब्रँडसह सहा जणांनी माउंट मॉंगानुईला एकाच वेळी पदार्पण केले. त्शेपो मोरेकीने कसोटीतल्या पहिल्याच चेंडूवर कॉन्वेला पायचीत केले. हॅमिल्टनला शॉन फॉन बर्गला 37 व्या वर्षी टोपी मिळाली. मालिका 0-2 अशी गेली.

उतारवय

करार एक-दोन वर्षांचे असतात आणि तिशीनंतर नूतनीकरण अनिश्चित. 2015 च्या रॅम स्लॅम ट्वेंटी-20 मधील निकालनिश्चितीच्या प्रकरणात माजी खेळाडू गुलाम बोदीने हेरलेले खेळाडू बहुतांशी याच वयाचे, राष्ट्रीय संघाच्या आत-बाहेर असलेले होते. बोदीवर 20 वर्षांची बंदी आली आणि 2019 मध्ये पाच वर्षांची कैदही झाली. थामी त्सोलेकिले, लोन्वाबो त्सोत्सोबे यांच्यावरही दीर्घ बंदी आली. खेळाडूंची संघटना (स्थापना 2002) तेव्हापासूनच्या प्रशिक्षणवर्गांत हे प्रकरण सविस्तर सांगते, आणि सोबत खेळतानाच शिक्षण पूर्ण करण्याचा आग्रह धरते.

निवृत्तीनंतर प्रशिक्षण आणि पंचगिरी या नेहमीच्या वाटा, आणि तिथे प्रांतिक खेळाडूंनी कसोटीवीरांना मागे टाकले आहे. ग्रीकवालँड वेस्ट आणि फ्री स्टेटचा फलंदाज मिकी आर्थर एकही कसोटी न खेळता 2005 मध्ये राष्ट्रीय संघाचा प्रशिक्षक झाला. व्हिन्सेंट बार्न्सने त्याच संघाच्या गोलंदाजांना घडवले. बोलंडचा मध्यमगती अष्टपैलू मराय इरॅस्मस 1990 च्या दशकात खेळून थांबला, 2010 मध्ये आयसीसीच्या सर्वोच्च पंचमंडळात गेला आणि 2016, 2017 व 2021 असे तीनदा वर्षातला सर्वोत्तम पंच ठरला.