कैलासाजवळ वेळ खरंच वेगाने धावतो का?

तिबेटातल्या कैलास पर्वताजवळ 12 तासांत नखं आणि केस दोन आठवड्यांइतके वाढतात, कारण तिथे वेळच वेगाने जातो, असा मजकूर वर्षानुवर्षं फिरतो आहे. तसं घडत नाही.

साधा हिशोब करू. 12 तासांत 14 दिवस म्हणजे 28 पट वेग. कैलासाची परिक्रमा साधारण 52 किलोमीटरची. बहुतेक यात्रेकरू ती तीन दिवसांत करतात. मग प्रत्येकाची नखं जवळपास तीन महिन्यांइतकी वाढायला हवीत. पायथ्याच्या दारचेन गावात तर माणसं कायम राहतात. तिथलं तान्हं बाळ वर्षभरात 28 वर्षांचं झालं असतं!

उंचीवर घड्याळ किंचित पुढे जातं, हे मात्र खरं. तो गुरुत्वाकर्षणाचा परिणाम. पण 5,000 मीटरवर हा फरक वर्षाला सुमारे 17 मायक्रोसेकंद. पापणी लवायलाही याच्या हजारो पट वेळ लागतो.

जाणाऱ्यांना पडताळणी सोपी आहे. निघताना नखाच्या मुळाशी बारीक खूण करा आणि परतल्यावर ती किती सरकली ते मोजा; हाताचं नख महिन्याला साधारण 3 मिलिमीटर वाढतं. मनगटावरचं घड्याळही घरच्या घड्याळाशी जुळवून न्या. 28 पटींचा फरक लपणार नाही.

परिक्रमेनंतर चेहरा वयस्क दिसला, असं सांगणारे खोटं बोलत नसतात. परिक्रमेच्या वाटेवरची डोल्मा खिंड 5,600 मीटरहून उंच आहे. तिथे श्वासागणिक मिळणारा प्राणवायू समुद्रसपाटीच्या निम्माच असतो. कोरडी थंडी आणि प्रखर ऊन त्वचा रापवतात, ओठ फोडतात.