निखाऱ्यावरची चंदेरी पुडी

अमेरिकेत स्काउटांच्या मुक्कामाला, तळ्याकाठच्या सहलीला किंवा घरामागच्या अंगणात एक जेवण हमखास होतं. ॲल्युमिनियमची हातभर फॉइल फाडायची. तिच्यावर खिम्याची चपटी टिक्की, बटाट्याच्या आणि गाजराच्या चकत्या, उभा चिरलेला कांदा, मीठ, मिरपूड आणि लोण्याचा लहानसा गोळा ठेवायचा. कडा दुमडून पुडी घट्ट बंद करायची आणि निखाऱ्यांवर टाकायची. मधे एकदा उलटायची आणि अर्ध्या तासाच्या आतबाहेर उघडून त्याच पुडीतून खायचं. घासायला भांडं उरत नाही. याला ‘फॉइल डिनर’ म्हणतात, पण अजूनही रुळलेलं दुसरं नाव आहे ‘होबो डिनर’.

हे नाव कोड्यात टाकणारं आहे. होबो म्हणजे मालगाड्यांवर चढून गावोगाव कामाच्या शोधात हिंडणारा मजूर. १८६५ साली अमेरिकेतलं यादवी युद्ध संपलं, रेल्वेचं जाळं पसरलं आणि हा वर्ग तयार झाला. १९२९ नंतरच्या महामंदीत त्यांची संख्या फार वाढली. रुळांच्या कडेला, पाण्याच्या आसऱ्याने ते मुक्काम करत. त्या मुक्कामाला ते ‘जंगल’ म्हणत. आपल्याकडून इंग्रजीत गेलेला हा शब्द तिथे बेघरांच्या चुलीपर्यंत पोहोचला होता. कुणी कांदा आणे, कुणी बटाटा, कुणी हाडाचा तुकडा, आणि सगळं मिळून एका रिकाम्या डब्यात रटरटत शिजे. त्या रश्श्याला ‘मलिगन स्ट्यू’ म्हणत. म्हणजे होबोंचं जेवण डब्यातलं होतं, पुडीतलं नव्हतं. घरोघर वापरायची ॲल्युमिनियमची फॉइल त्यांच्या काळात दुकानात नव्हतीच. विस्तवावर, भांड्यावाचून, मिळेल त्यात भागवायचं ही त्यांची रीत होती. पुढे ज्यांनी ती हौस म्हणून उचलली, त्यांनी नाव तेवढं ठेवलं. ज्या माणसांनी ते उपाशीपोटी कमावलं, त्यांची आठवण निदान नावात तरी राहिली, हे मला मोलाचं वाटतं.

पुडी मात्र फॉइलच्या कितीतरी आधीची आहे. स्काउट चळवळीचे जनक बेडन-पॉवेल यांनी १९०८ साली स्काउट मुलांसाठी लिहिलेल्या पुस्तकात मांस ओल्या कागदाच्या दोनचार घड्यांत किंवा चिखलात लपेटून लालभडक निखाऱ्यांत ठेवायला सांगितलं आहे. पक्षी असेल तर पिसं काढायचीही गरज नाही. चिखल भाजून कडक होतो आणि फोडताना पिसं त्याच्याबरोबर निघून येतात. फ्रान्समध्ये हेच काम नाजूक हाताने होतं. मासा चर्मपत्रासारख्या कागदात बंद करून भट्टीत ठेवतात, त्याला ‘आँ पापियोत’ म्हणतात. ग्रीसमध्ये ‘क्लेफ्तिको’ नावाचा मटणाचा प्रकार आहे. तुर्की अंमलाच्या काळात डोंगरात दडून राहणारे बंडखोर धूर दिसू नये म्हणून खड्ड्यात मांस बुजवून शिजवत, त्यांच्यावरून ते नाव पडलं असं मानतात. मेक्सिकोच्या युकातानमध्ये डुकराचं मांस केळीच्या पानात गुंडाळून जमिनीतल्या भट्टीत ठेवतात. हवाईत टारोच्या, म्हणजे अळूच्या, पानांत मांस बांधून वर टी नावाच्या झुडपाचं पान लपेटतात.

आणि आपल्याकडे? पारशांची पात्रा नी मच्छी, बंगाल्यांची पातुरी, केरळचं करीमीन पोळ्ळिच्चतु आणि आपली पानगी या सगळ्या पानातल्या गोष्टी. पण मांस आणि भाजी एकत्र, विस्तवाच्या थेट आचेवर, असं म्हटलं की रायगडच्या माणसाला पोपटीच आठवणार. थंडीत वालाच्या शेंगा भरल्या की मडक्याच्या तळाशी भांबुर्डीचा पाला घालायचा, त्यावर शेंगा, बटाटे, रताळी, कांदे, अंडी, मसाला लावून केळीच्या पानात बांधलेली कोंबडी असे थर रचायचे. मीठ आणि ओवा हवाच. मडक्याचं तोंड पाल्याने गच्च बंद करून ते पालथं ठेवायचं आणि भोवती पेंढा, काटक्या, वाळलेल्या झावळ्या पेटवायच्या. पाण्याचा थेंब नाही, तेल असलं तर कोंबडीच्या मसाल्यापुरतं. शेंगांचा आणि पाल्याचा स्वतःचाच ओलावा वाफ होतो आणि त्यात सगळं शिजतं. तत्त्व तेच, फक्त इथे पुडीऐवजी मडकं आहे.

मग फॉइल आली कुठून? ही या कहाणीतली खरी गुंतागुंतीची बाजू आहे.

ॲल्युमिनियम मातीत मुबलक आहे, पण मातीपासून सुटं होणं त्याला मान्य नाही. १८२५ साली डेन्मार्कचे शास्त्रज्ञ अर्स्टेड यांनी ते प्रथम वेगळं केलं, तरी पुढची साठ वर्षं ते दागिन्याच्या मोलाचं राहिलं. १८८४ साली वॉशिंग्टन स्मारकाच्या टोकावर बसवलेला लहानसा पिरॅमिड ॲल्युमिनियमचा आहे. त्याचं वजन तीन किलोहूनही कमी, पण तेव्हा हा धातू चांदीच्या भावात विकला जाई. दोनच वर्षांनी, १८८६ मध्ये, अमेरिकेत चार्ल्स हॉल आणि फ्रान्समध्ये पॉल एरू या दोघांनी एकमेकांना न कळत विजेच्या साहाय्याने ॲल्युमिनियम काढायची एकच पद्धत शोधली. दोघेही १८६३ चे, दोघेही १९१४ साली गेले. त्यांच्यामुळे भाव असा कोसळला की काही वर्षांत हा धातू स्वयंपाकघरात आला. आपल्याकडे मद्रासच्या कलाशाळेत आल्फ्रेड चॅटर्टन यांनी १८९८ च्या सुमारास ॲल्युमिनियमची भांडी बनवायला सुरुवात केली. मराठी घरांत ती ‘जर्मलची भांडी’ म्हणून शिरली.

पातळ पत्रा करणं हे पुढचं काम. त्याआधी कथलाचा पत्रा वापरात होता. अमेरिकेतली जुनी माणसं आजही ॲल्युमिनियमच्या फॉइलला ‘टिनफॉइल’ म्हणतात, ते त्यामुळेच. कथिल महाग, लवकर फाटणारं आणि पदार्थाला आपली चव लावणारं. १९१० साली स्वित्झर्लंडमधल्या एमिशोफेन इथे नेहर मंडळींच्या कारखान्यात ॲल्युमिनियमची सलग लाटलेली फॉइल निघू लागली. दुसऱ्याच वर्षी टोब्लेरोन चॉकलेट तिच्यात गुंडाळलं जाऊ लागलं. लहानपणी चॉकलेटची ‘चांदी’ नखाने गुळगुळीत करून वहीत ठेवली नाही असा माणूस विरळा.

पण चॉकलेटचं आवरण आणि ओट्यावरची गुंडाळी यांच्यामध्ये एक महायुद्ध आहे. विमानं ॲल्युमिनियमची. १९४० च्या उन्हाळ्यात ब्रिटनमध्ये आणि पुढच्या वर्षी अमेरिकेत सरकारने घराघरांतून पातेली, किटल्या गोळा केल्या. युद्धकाळात अमेरिकेचं ॲल्युमिनियमचं उत्पादन पाच पटींहून जास्त वाढलं. रिचर्ड रेनॉल्ड्स यांनी १९१९ साली केंटकीतल्या लुइव्हिलला सिगारेट आणि गोळ्या-चॉकलेटांच्या आवरणाचा कारखाना काढला होता. युद्धाच्या तोंडावर त्यांची कंपनी स्वतः ॲल्युमिनियम गाळू लागली. युद्ध संपल्यावर सरकारने आपले कारखाने जुन्या मक्तेदार कंपनीला न देता रेनॉल्ड्स आणि कायझर या कंपन्यांकडे सोपवले. आता धातू अफाट होता आणि विमानांची मागणी ओसरली होती. १९४७ साली रेनॉल्ड्सने घरगुती फॉइलची गुंडाळी बाजारात आणली. आजचं साधं-सोपं पुडीतलं जेवण शक्य झालं ते या उरलेल्या कारखान्यांमुळे. फॉइलच्या सोयीचं कौतुक करताना तिचं मूळ गरजेत नव्हे तर शिल्लक मालात आहे, हे विसरू नये असं मला वाटतं.

पुढचं झपाट्याने झालं. शहरांभोवती नव्या वसाहती उभ्या राहत होत्या आणि प्रत्येक घरामागे अंगण होतं. १९५२ साली शिकागोच्या जॉर्ज स्टीफन यांनी समुद्रातल्या बोयासारखी गोल, झाकणाची शेगडी केली आणि अंगणातला विस्तव घरंदाज झाला. स्काउट मुला-मुलींच्या शिबिरांत तर फॉइल अगदी चपखल बसली. प्रत्येकाने आपली पुडी आपल्या आवडीने भरायची, तीवर खूण करायची आणि सगळ्यांच्या पुड्या एकाच विस्तवात. निखाऱ्यांत पाठ वर करून पडलेल्या त्या पुड्यांना मुलांनी ‘चंदेरी कासवं’ असंही म्हटलं.

पुडी बांधायच्या घडीलाही एक वंश आहे. दोन्ही लांब कडा वर आणून एकत्र जुळवायच्या, दोनतीनदा खाली दुमडत न्यायच्या, मग टोकं आत वळवायची. हिला अमेरिकेत औषधाच्या दुकानाची घडी म्हणतात, कारण तिथले औषधविक्रेते चूर्ण याच घडीने बांधत. आपल्या वैद्याची पुडी वेगळी काय होती? सांडू नये म्हणून जी घडी केली, तीच वाफ निसटू नये म्हणून कामी आली. फक्त आत थोडी रिकामी जागा सोडावी लागते, वाफेला फुगायला.

आत ओलावा आहे तोवर तापमान शंभर अंशांच्या आसपास राहतं, म्हणून मांस मऊ होतं. मात्र बटाटा आणि खिमा एका वेगाने शिजत नाहीत. बटाटे पातळच कापायला हवेत आणि गाजरंही. खिमा आतून ७१ अंश सेल्सियस आणि कोंबडी ७४ अंशांपर्यंत गेली पाहिजे, असं अमेरिकेचं कृषी खातं सांगतं. फॉइलची चकचकीत बाजू आत की बाहेर, यावर घरोघर वाद होतात, पण त्याने काही फरक पडत नाही. शेवटच्या फेरीत दोन पत्रे एकत्र लाटतात. रुळाला लागलेली बाजू चकाकते, एकमेकींना लागलेली मंद राहते, एवढंच.

दोन गोष्टी मात्र गांभीर्याने घ्यायच्या. आंबट पदार्थ, म्हणजे टोमॅटो, लिंबू, चिंच, कोकम, गरम फॉइलला लागले की थोडं ॲल्युमिनियम अन्नात उतरतं. युरोपच्या अन्नसुरक्षा संस्थेने २००८ साली आठवड्याला दर किलो वजनामागे १ मिलिग्रॅम ही मर्यादा सुचवली. आपल्या मसाल्यांत आंबट असतंच, म्हणून आपण हे जास्त ध्यानात ठेवायला हवं. दुसरी गोष्ट १९९४ साली टेक्सासमधल्या एल पासोत घडली. फॉइलमध्ये भाजलेले बटाटे तसेच गुंडाळलेले, फ्रिजबाहेर, खोलीच्या तापमानात काही दिवस राहिले. हवाबंद ओलाव्यात बोट्युलिझम या जीवघेण्या विषबाधेचं विष तयार झालं आणि त्या बटाट्यांपासून केलेली चटणी खाऊन ३० जण आजारी पडले. उरलेली पुडी उघडून टाका आणि अन्न लगेच फ्रिजमध्ये ठेवा.

आंबटाचा आणि करपण्याचा, दोन्ही प्रश्नांवर स्काउटांच्या शिबिरात एक जुनी तोड आहे. फॉइलवर आधी कोबीची दोनचार मोठी पानं पसरायची आणि मांस-भाजी त्यांच्यावर रचायची. निखाऱ्याची धग पान सोसतं, धातूला अन्न लागत नाही आणि वाफेला कोबीचा गोडसर वास येतो. ते पाहिलं की भांबुर्डीच्या पाल्याने भरलेलं मडकं डोळ्यांसमोर येतं.