'ओळखतो' म्हणजे नेमके काय? दरोड्याच्या अपिलांमागची पार्श्वभूमी

दरोड्याच्या अपिलात निकालपत्राची पानेच्या पाने एकाच प्रश्नावर खर्ची पडतात: साक्षीदाराने आरोपीला पहिल्यांदा ओळखले ते कधी आणि कुणासमोर? ओळखीच्या पुराव्याला 1872 च्या पुरावा कायद्यातल्या कलम 9 चा आधार होता. पण ओळख परेडमध्ये, म्हणजे संशयिताला इतरांबरोबर रांगेत उभे करून साक्षीदाराकडून ओळखून घेण्यात, पोलिसांनी कुठे थांबायचे, हे ठरले मुंबईतल्या एका दरोड्यामुळे.

1951 मध्ये मुंबईत एका विदेशी बँकेची रोकड लुटली गेली. खटल्यात वाद उभा राहिला तो परेडवर. साक्षीदाराने तोंडातून अवाक्षर न काढता नुसते बोट दाखवले, तर तो जबाब ठरतो का? 1954 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने होय म्हटले. बोट दाखवणे म्हणजे 'हाच तो' असे सांगणेच, आणि पोलिसांपुढे दिलेला जबाब सरकार पक्षाला पुरावा म्हणून वापरता येत नाही. तेव्हा पोलिसांनी परेडमधून पूर्ण बाहेर राहायचे.

आज आपल्याकडे परेड बहुधा नायब तहसीलदार किंवा विशेष कार्यकारी अधिकारी घेतात. दोन पंच, एका आरोपीमागे किमान सहा डमी, म्हणजे प्रकरणाशी संबंध नसलेली माणसे, अंगापिंडाने मिळतीजुळती. आरोपी रांगेत हवी ती जागा घेतो. साक्षीदार समोरून चालत जातो आणि एकाच्या खांद्यावर हात ठेवतो. सगळे अवलंबून असते ते डमी कसे निवडले यावर. महाराष्ट्रातल्या एका खुनाच्या अपिलात 1999 मध्ये हेच निघाले: आरोपीला दाढी आणि लांब केस, रांगेत तसे दुसरे कुणीच नाही. अशा रांगेत साक्षीदार आठवणीतून ओळखत नाही, वेगळा दिसणारा माणूस उचलतो.

खरा गुंता आहे तो 'ओळख' या शब्दात. मराठीत ओळख म्हणजे जुना परिचय, आणि पाहिलेला चेहरा पुन्हा पटणे हीही ओळखच. साक्षीच्या कागदावर 'मी आरोपीस ओळखतो' एवढेच वाक्य उतरले, की तो गावचा म्हणून माहीत आहे, त्या रात्री दिसला म्हणून, की आज पिंजऱ्यात उभा आहे म्हणून, हे कळायला मार्ग नसतो. आरोपी आधीपासून परिचयाचा असेल तर परेडची गरजच नसते. अनोळखी असेल तर सगळी भिस्त परेडवर. एका क्रियापदाने हा फरक पुसला जातो. उलटतपासात तो उकरून काढला नाही, तर अपिलात कागदावर तेवढेच वाक्य उरते.

त्यात भर कायद्याच्या दुसऱ्या भेदाची. मूळ पुरावा म्हणजे कोर्टातली ओळख; परेड फक्त तिला पुष्टी देणारी. 1979 मध्ये केरळच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की अनोळखी आरोपीला परेडशिवाय थेट कोर्टात ओळखले तर त्याला किंमत नाही. 2003 मध्ये त्याच न्यायालयाने म्हटले की परेड झाली नाही एवढ्यावरून कोर्टातली ओळख बाद होत नाही. तिला वजन किती द्यायचे ते परिस्थिती ठरवेल. मला ही सूट धोक्याची वाटते. घटनेनंतर काही वर्षांनी, पिंजऱ्यात उभा असलेला एकच माणूस दाखवायला आठवण लागतच नाही. रात्रीच्या अंधारात, डोक्याला पिस्तूल लावलेले असताना साक्षीदाराची नजर चेहऱ्यावर किती आणि हत्यारावर किती होती, हेही तिथे पुसटच होते. साक्षीदार खोटे बोलत नसतो. त्याला मनापासून खात्री असते, आणि म्हणूनच ती चूक पकडणे इतके कठीण.

2022 मध्ये पंजाबमधल्या लुटीच्या अपिलात परेड नव्हती आणि आरोपींची पहिली ओळख थेट कोर्टातच झालेली. शिक्षा रद्द झाली. 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की आरोपीला परेडला नकार देता येत नाही. साक्षीदाराला आपण आधीच दाखवले गेलो, हा आक्षेप त्याने खटल्यात मांडायचा. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत 2006 पासून लागू असलेले, आरोपीची ओळख पटवण्याबाबतचे कलम 54अ जुलै 2024 मध्ये नव्या नागरिक सुरक्षा संहितेत कलम 54 म्हणून आले. त्यात ध्वनिचित्रमुद्रणाची सक्ती आहे ती साक्षीदार दिव्यांग असेल तेव्हाच. बाकीच्या परेडींत रांगेत कोण कसे दिसत होते, हे अपिलाच्या न्यायाधीशाला पंचनाम्यातल्या चार ओळींवरूनच ठरवावे लागते.